तिसऱ्या अल्बममधली शिट्टी

त्याला सगळे कानसेन म्हणत. नाव ढोल्याने ठेवलं होतं, दोघं तरुण असताना, आणि ते अंगाला असं चिकटलं की खरं नाव दारावरच्या पाटीपुरतं उरलं. ढोल्या बँडमध्ये ड्रम वाजवायचा. गवई गायचा, गिटारवाला आणि त्याचा भाऊ तारा छेडायचे, आणि हे चौघं जे काही करायचे ते टेपवर उतरवून घ्यायचा कानसेन. रॉकच, पण रेडिओला गोड लागेल असं नव्हे. आडवाटेचं, कोपऱ्यात बसणाऱ्या पोरापोरींचं. लोक त्याला अल्टरनेटिव्ह रॉक म्हणत. गवई म्हणायचा, "दुसरं काही जमत नाही, म्हणून अल्टरनेटिव्ह."

पाच स्टुडिओ अल्बम काढून बँड पांगला. कुणी भांडलं नाही, कुणी रडलं नाही; पाखरं उडाली, तार हलत राहिली. कोपऱ्यातली पोरंपोरी मोठी झाली, त्यांच्या खिशात चांगले हेडफोन आले, आणि त्यांना ती गाणी पुन्हा हवीशी झाली. एका कंपनीने विचारलं: पाचही अल्बम मूळ टेपवरून लॉसलेस करून द्याल का?

एरवी फोनवर गाणं येतं ते चाळून येतं. ज्यावाचून अडणार नाही ते चाळणीत मागे राहतं आणि हलकं झालेलं गाणं वाऱ्यावरून येतं. लॉसलेस म्हणजे चाळणीच नाही. टेपवर होतं ते सगळं, दाण्यासकट कोंडा.

"एक कण सांडणार नाही," कानसेन कंपनीच्या बाईंना फोनवर म्हणाला. "माझे कान आहेत ना."

मूळ टेपची रिळं ढोल्याकडे होती. बँड मोडला तेव्हा स्टुडिओवाला ती फेकून देणार होता. ढोल्याने ती घरी नेली आणि पलंगाखाली ठेवली. त्याने घरं बदलली, पलंग बदलला, रिळं मात्र प्रत्येक पलंगाखाली गेली. आता प्रत्येक रीळ जुन्या चादरीच्या तुकड्यात गुंडाळलेलं, तान्ह्या बाळासारखं काखेत धरून, त्यानेच आणून दिलं होतं.

कानसेनने मागच्या खोलीत टेपचं जुनं यंत्र मांडलं. टेपवरचा आवाज वाचणारी यंत्राची डोकी स्पिरिटने पुसली, रीळ चढवलं, आणि डोळे मिटून बसला. आवाजाचं चित्र पडद्यावर उमटवणारा प्रोग्राम त्याच्याकडे होता. हल्ली सगळे आधी तेच उघडतात. कानसेन उघडत नसे. "गाणं बघायचं असेल तर नाच बघायला जा," असं तो म्हणायचा, आणि समोरचा हसला की आणखी एकदा म्हणायचा.

पहिला अल्बम झाला, दुसरा झाला. तिसरा चालू होता तेव्हा सून जेवायला बोलवायला आली आणि दारातच थबकली. चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायचं काम ती करायची. घरात तो, मुलगा आणि ती, एवढीच माणसं. मुलाची त्या आठवड्यात दुपारची पाळी होती.

"बाबा, हे काय वाजतंय?"

"तिसरा अल्बम. ह्यांचा सगळ्यात चांगला."

"गाणं नाही हो. ती शिट्टी."

"कसली शिट्टी?"

"बारीक. सुईसारखी. दातांतून जातेय."

कानसेनने टेप थांबवली, मागे घेतली, पुन्हा लावली. मान कलती करून ऐकलं. गवयाचा खरखरीत गळा, ढोल्याची झांज, तारांची गुरगुर. शिट्टी कुठेच नव्हती.

"आत्ता आहे?"

"आहे की."

"आत्ता?"

"अहो बाबा, सुरुवातीपासून आहे. थांबलीच नाहीये."

"तुझे कान वाजतायत," तो हसत म्हणाला. "जा, वाढून घे. आलोच."

ती गेली. जाताना तिने दार ओढून घेतलं. ते कानसेनला जरा लागलं, पण त्याने मनावर घेतलं नाही.

रविवारी दुपारी सगळे ऐकायला जमले. गवई आता काठी टेकत यायचा. गिटारवाला आणि त्याचा भाऊ एकाच सोफ्यावर बसले आणि दोन्ही टोकांना सरकले. ढोल्या खाली बसला, मांडीवर बोटांनी ठेका धरून. जन्मभर झांजांपुढे बसल्याने तो सगळ्यांत कमी ऐकायचा आणि सगळ्यांत मोठ्याने बोलायचा. कानसेनने तिसरा अल्बम लावला.

"वा!" गवई म्हणाला. "काय स्वच्छ!"

"आरशासारखं," गिटारवाला म्हणाला.

"काय?" ढोल्या म्हणाला.

"आरशासारखं!"

"हां! ते तर आहेच! रिळं कुणी जपली?"

सून चहाचा ट्रे घेऊन आली. ट्रे टेबलावर ठेवताना तिने कपाळावर आठी घातली, सगळ्यांकडे पाहिलं, आणि हळूच म्हणाली, "बाबा, ती शिट्टी अजून आहे. तुम्ही काढणार होतात ना?"

तो काढणार नव्हता. तसं म्हणालाही नव्हता. पण चार जुने मित्र त्याच्याकडे बघत होते, आणि चौघांच्याही डोळ्यांत एकच प्रश्न होता.

"ऐका," कानसेन सगळ्यांना म्हणाला. "आमच्या सूनबाई आतापर्यंत लोकांचे डोळे तपासायच्या. आता आमचे कान तपासायला निघाल्यात. कानामागून आली आणि तिखट झाली!"

हशा पिकला. गवयाने काठी आपटली. ढोल्याला विनोद ऐकूच गेला नव्हता, तरी तो सगळ्यांत जास्त हसला. सून हसली नाही. तिने एकेक कप ज्याच्या त्याच्या पुढे ठेवला, अगदी नीट, आणि रिकामा ट्रे छातीशी धरून गेली.

पाचही अल्बमच्या फाइली कंपनीकडे गेल्या. मग एका सकाळी त्या बाईंचा फोन आला.

"पहिले दोन सुंदर आहेत. पण तिसऱ्यात एक बारीक किंकाळी आहे हो, अगदी सुरुवातीपासून शेवटपर्यंत. आमच्या इथल्या पोरींनी हेडफोन काढून ठेवले. तुमच्या लक्षात कसं आलं नाही?"

कानसेनने फोन दुसऱ्या कानाला लावला. सुनेचं बोलणं आठवलं. आणि त्याने काही ठरवायच्या आत एक वाक्य तोंडातून निघालं.

"टेप खराब झालीय," तो म्हणाला. "ड्रमवाल्याने ती पलंगाखाली ठेवली होती. ओल लागली असणार. मी तरी काय करणार?"

"अरेरे," बाई म्हणाल्या. "मग तिसरा वगळावा लागेल. चारच काढू."

नाचता येईना अंगण वाकडं. ही म्हण त्याने आयुष्यात किती जणांना ऐकवली होती. त्या दिवशी ती त्याच्या घरात येऊन बसली आणि त्याने तिला पाणीसुद्धा विचारलं नाही.

संध्याकाळी गवयाचा फोन. "बाईंनी सांगितलं. मी ढोल्याला कळवलं. बोललाच नाही रे तो. नुसता 'ओल?' म्हणाला आणि ठेवला. त्याचाच जीव होता तिसऱ्यावर."

"वाईट वाटून घेऊ नको म्हणावं त्याला," कानसेन म्हणाला. हेही तोच म्हणाला.

ओलीचा पुरावा हवा, म्हणून दुसऱ्या दिवशी त्याने कधी न उघडलेला तो प्रोग्राम उघडला. ओलीने टेप सडली तर आवाज कुठे तुटतो, कुठे बुडतो. चित्रात डाग दिसतील, भोकं दिसतील. चित्र पडद्यावर आलं. खाली गाण्याची दाट झाडी, मधे झांजांचं धुकं, आणि त्या सगळ्याच्या वर, पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत, एक सरळ रेघ. कुणी पट्टी ठेवून ओढावी तशी. न तुटणारी, न डळमळणारी.

ओल अशी रेघ ओढत नाही.

त्याला टीव्ही आठवला. तिसऱ्या अल्बमच्या वेळी ढोल्याला खालच्या खोलीत बसवलं होतं, ड्रमचा आवाज बाकीच्यांच्या माइकमध्ये शिरू नये म्हणून. मग एकमेकांना दिसायचं कसं? कानसेननेच शक्कल काढली होती: खाली कॅमेरा, वर गवयाच्या शेजारी छोटा टीव्ही, त्यात ढोल्या दिसायचा. सगळे त्याला डोक्यावर घेऊन नाचले होते. जुने टीव्ही चालू असले की शिट्टी घालत. तेव्हा ती घराघरात होती, मिठासारखी. आहे हे कुणाच्या ध्यानातच यायचं नाही. गवयाच्या माइकने मात्र ती निमूट टिपली. कॅसेटवर ती पोचली नाही, रेडिओवर पोचली नाही. तिथल्या चाळण्यांनी तिला बाहेरच ठेवलं. चाळणी काढली आणि ती घरात आली.

आणि ती त्याला ऐकू येत नव्हती.

त्याने यंत्रावर साधा एकच स्वर लावला आणि हळूहळू चढवायला घेतला. स्वर बारीक झाला, धाग्याएवढा झाला, मग धागा संपला. पडद्यावरचा आकडा मात्र चढतच होता. रेघ जिथे होती ती जागा अजून कितीतरी वर होती. खोलीत गच्च शांतता, आणि आकडा जिना चढणाऱ्या माणसासारखा वर, वर, वर. कानसेन स्पीकरला कान लावून बसला. मग त्याने हात टेकले.

कानाने दिली भाकर, कानाने दिलं नाव. कान निघून गेले, आणि सांगायचं राहून गेलं.

कधी गेले असतील? मागच्या वर्षी? की दहा वर्षांपूर्वी, आणि दहा वर्षं तो लोकांच्या आवाजांवर मान डोलवत बसला होता? त्याला कुणी कानसेन म्हणून हाक मारली असती तर त्याने मान वर केली नसती.

शरमेलाही वाटा फुटतात, आणि पहिली वाट सांगण्याकडे जात नाही. ती लपण्याकडे जाते. शिट्टी कापून काढायचा फिल्टर त्याच्याकडे होता. कापावी आणि कंपनीला कळवावं, "फार मेहनतीने ओलीतून वाचवली." हे वाक्य त्याने मनात घोळून घोळून गुळगुळीत केलं. ढोल्या बिचारा आभार मानेल, हेसुद्धा त्याच्या मनात आलं. आलं, आणि त्याला स्वतःची किळस आली. वर आणखी एक गोम होती: फिल्टर थोडा जरी रुंद बसला तर शिट्टीबरोबर झांजांचं पाणीही उतरणार होतं, आणि उतरलं की नाही हे त्याला कळणार नव्हतं. मोतीबिंदू झालेल्या न्हाव्याने वस्तरा धरावा तसं ते झालं असतं.

काही दिवस असेच गेले. गवयाचा पुन्हा फोन आला. "ढोल्या फोन उचलत नाही रे."

तेव्हा कानसेन उठला.

ढोल्याची लाँड्री होती, खाली यंत्रं आणि वर घर. भरदुपारी सगळी यंत्रं चालू होती; कपडे गोल फिरत होते, फरशी थरथरत होती. बाकावर दोन गिऱ्हाइकं आपापल्या धुण्याची वाट बघत बसली होती. ढोल्या चादरीच्या घड्या घालत होता. कानसेनला पाहून त्याने मान खाली घातली.

"मला माफ कर रे," ढोल्याच आधी बोलला. "चांगली जपली होती असं वाटलं होतं."

"ओल नव्हती," कानसेन म्हणाला.

"काय?"

"ओल नव्हती टेपला!"

"हो ना, ओलच! बघायला हवं होतं मी!"

"अरे, नव्हती! टेप चांगली आहे! शिट्टी टीव्हीची आहे! माझ्या टीव्हीची!"

"कसला टीव्ही? मोठ्याने बोल, यंत्रं चालू आहेत!"

कानसेनने छातीत श्वास भरला. घरून निघताना त्याने ठरवलं होतं, हळू आवाजात सांगायचं, खांद्यावर हात ठेवून. आता तो गावाला दवंडी द्यावी तसा ओरडला.

"मला ऐकू येत नाही! मला शिट्टी ऐकूच येत नाही! म्हणून तुझं नाव घेतलं!"

बाकावरची गिऱ्हाइकं वळून बघायला लागली. ढोल्याने हातातली चादर ठेवली. भिंतीशी गेला आणि मोठं बटण खाली ओढलं. एकेक करून यंत्रं थांबली, पाणी डचमळून निवलं. लाँड्री इतकी शांत झाली की गिऱ्हाइकाच्या पिशवीची चेन लागल्याचं ऐकू आलं.

"आता सांग," ढोल्या म्हणाला.

ओरडून सांगणं सोपं होतं, हे कानसेनला तेव्हा कळलं. गोंगाटात लाज अर्धी वाटून जाते. शांततेत ती सगळी आपल्याच पदरात. त्याने सांगितलं, एकेक करून: सुनेने आधीच ऐकलं होतं ते, फोन, ओलीचं वाक्य, रेघ, आणि ओलीतून वाचवल्याचं जे सोंग तो करणार होता तेसुद्धा. सांगताना तो ढोल्याच्या हातांकडे बघत होता. ढोल्याची बोटं एरवी सतत काहीतरी वाजवत असायची. आत्ता ती स्वस्थ होती.

"मी बायकोवर ओरडलो," ढोल्या म्हणाला.

"काय?"

"तुलाही ऐकू येत नाही का? बायकोवर ओरडलो. म्हटलं, तूच ओली फडकी ठेवली असशील पलंगाखाली. तिच्याच जुन्या चादरी फाडून गुंडाळली होती रे ती रिळं. तिनेच गुंडाळली होती." तो थांबला. "तेव्हापासून बोलत नाहीये ती. वाढते, आणि जाते."

खापर असंच वरून खाली येतं. ज्याच्या डोक्यावर फुटतं त्याने खाली बघावं, तर खाली आणखी कुणाचं तरी डोकं असतंच.

जिन्याशी कुणीतरी उभं होतं. यंत्रं बंद पडली म्हणून ढोल्याची बायको बघायला खाली आली होती. किती ऐकलं होतं ते तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

"वहिनी," कानसेन म्हणाला, "चूक माझी. टेपला काहीही झालेलं नाही. तुम्ही गुंडाळलीत तशीच निघाली, नवीकोरी."

"ते मला माहीत होतं," ती म्हणाली. "मी गुंडाळली होती, तर मला नाही कळणार?" मग नवऱ्याकडे बघून: "तुमच्याशी मी नंतर बोलते."

"बोल की," ढोल्या म्हणाला, आणि त्याच्या आवाजात इतकी आशा होती की बाकावरच्या एका गिऱ्हाइकाला हसू आलं.

ती हसली नाही. "आणि भाऊजी, त्या पोरीला सांगितलंत?"

"कोणत्या?"

"कोणत्या म्हणजे? तुमच्या सुनेला. जिला तुम्ही सगळ्यांसमोर तिखट म्हणालात. ह्यांनी ते गवयाकडून नंतर समजून घेतलं आणि घरी येऊन मोठ्या कौतुकाने सांगितलं होतं."

कानसेन घडी घातलेली चादर उगाच सरळ करू लागला.

"म्हणजे नाही," ती म्हणाली. "पुरुष पुरुषांची माफी मागायला भर उन्हात शहर ओलांडून येतात. घरातली बाई काय, घरातच आहे."

ढोल्याने यंत्रांचं बटण वर केलं. गोंगाट परत आला, आणि कानसेनला वाटलं की ती दयाच होती.

घरी आला तेव्हा सून दुकानातून परतली होती. स्वयंपाकघरात चपला काढलेल्या पायांनी फरशीवर उभी राहून पाणी पीत होती. तो दारात थांबला. ह्या खोलीत, तिच्या कामात, आपण किती क्वचित आलोय, हे त्याला दारातच जाणवलं.

"शिट्टी होती," तो म्हणाला.

"माहीत आहे."

"मला ऐकू येत नाही ती. तेवढं वरचं आता काहीच येत नाही. आणि मी तुला सगळ्यांसमोर..." वाक्य पुढे गेलं नाही. ओढून न्यावं लागलं. "सगळ्यांसमोर खाली पाहायला लावलं. तू खरं सांगत होतीस."

तिने पेला ठेवला. "दुकानात रोज कुणीतरी येतं, बाबा. म्हणतं, पेपरवाल्यांनी अक्षरं बारीक केलीत. आधी माझ्यावर चिडतात, मग काचेवर. मला सवय आहे." मग ती म्हणाली, "पण ते परके असतात."

तो आत आला आणि त्याने तिचा पेला विसळून ठेवला.

"माझ्याबरोबर बसशील?" त्याने विचारलं. "मी फिल्टर फिरवतो. कधी गेली ते तू सांग."

"आज नाही. आज पाय दुखतायत."

"बरं."

दुसऱ्या दिवशी तिची सुट्टी होती. मागच्या खोलीत ती त्याच्या खुर्चीवर बसली आणि तो स्टुलावर. हेडफोन तिच्या कानांवर. तो बारीक बारीक फिरवत होता, ती डोळे मिटून सांगत होती, "आहे... आहे... कमी झाली... थांबा, आता झांज मेली... मागे घ्या... हां. गेली."

"नक्की?"

"नक्की."

"झांजा?"

"आहेत. चमकतायत."

त्याने तिच्याकडून हेडफोन घेतले. आधीचं ऐकलं, मग नंतरचं. पुन्हा आधीचं. त्याला दोन्ही सारखंच. गवई तसाच, ढोल्या तसाच. तिच्या शब्दाखेरीज त्याच्या हातात काही नव्हतं.

"अल्बमवर तुझं नाव घालायला सांगू?"

"नको हो," ती घाईने म्हणाली. "मला तुमचं ते गाणं मुळीच आवडत नाही. किती ओरडतो तो माणूस."

तिच्यासमोरच त्याने कंपनीला फोन लावला. टेप चांगली होती, शिट्टी आपल्या जुन्या टीव्हीची, ड्रमवाल्याचा काही दोष नाही. मी खोटं बोललो. बाई ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, फाइल पाठवा, आमच्या पोरी ऐकतील, बरी असेल तर तिसराही काढू.

"पण तुम्ही स्वतः ऐकून खात्री केलीत ना?"

आता 'हो' म्हणणं किती सोपं होतं. हे 'हो' त्याने आयुष्यभर सांडलं होतं.

"नाही," कानसेन म्हणाला. "मला तेवढं ऐकू येत नाही. माझ्या सुनेने ऐकलं."

त्याची कानशिलं तापली.

"मग बाकीचे चार?" बाईंनी विचारलं. "तेही त्यांनी ऐकलेत का? त्यांच्या कानांखालून गेल्याशिवाय आता बाहेर काढता येणार नाहीत मला."

कानसेनने फोनवर हात ठेवला आणि सुनेकडे वळला. तिच्या नजरेला नजर देणं त्याला जड जात होतं.

"त्या म्हणतायत, अजून चार अल्बम आहेत."

"सगळ्यांत तोच गातो?"

"तोच."

तिने एक मोठा उसासा सोडला, हेडफोन उचलले, आणि कानांवर घालण्याआधी म्हणाली, "आवाज कमी ठेवा, बाबा. माझे तरी राहू देत."